शाळेबाहेरचा वाचक : मराठी विज्ञानपुस्तकांची जवळजवळ दोनशे वर्षे

सामान्य वाचकासाठी मराठीत विज्ञानाची पुस्तके छापली जाऊ लागली ती १८३०च्या दशकात, मुंबईत. त्याआधी मराठी मुलखात शास्त्राशी घरोघर संबंध यायचा तो पंचांगातून, आणि तेही हाताने नकललेले असे, जोशीबुवांच्या तोंडून ऐकायचे असे. या पंचांगांमागचे गणित बहुतेक ठिकाणी 'ग्रहलाघव' या संस्कृत ग्रंथातले होते. हा ग्रंथ १५२०च्या सुमाराचा. त्याचे कर्ते गणेश दैवज्ञ आजच्या रायगड जिल्ह्यातल्या, मुरूडजवळच्या नांदगावचे. ज्या-चापांचे किचकट गणित वगळून ग्रहांची स्थिती काढण्याची सोपी कृती त्यांनी दिली. पंडितांपुरते असलेले शास्त्र गावच्या जोशाच्या हाती देणारा हा ग्रंथ होता. म्हणूनच तो साडेतीनशे वर्षे टिकला. शास्त्र सोपे करून सांगण्याची कोकणातली परंपरा छापखान्यापेक्षा जुनी आहे, ती अशी.

१८३१ साली गणपत कृष्णाजी यांनी मुंबईत शिळाछापावर पंचांग काढले आणि छापील मजकूर मराठी घरांत शिरला. त्याच सुमारास 'बाँबे नेटिव्ह एज्युकेशन सोसायटी' शाळांसाठी मराठी पुस्तके तयार करवून घेत होती. कॅप्टन जॉर्ज जर्व्हिस यांच्या देखरेखीखाली अंकगणित, बीजगणित, भूमिती यांची भाषांतरे झाली. ही सगळी पाठ्यपुस्तके होती. शिक्षकाने ती शिकवावीत, मुलांनी पाठ करावीत, एवढाच त्यांचा उपयोग. परीक्षेशी देणेघेणे नसलेल्या, केवळ कुतूहलापोटी पुस्तक उघडणाऱ्या माणसाचा विचार त्यांत नव्हता.

हरि केशवजी पाठारे यांनी तो विचार केला. त्यांनी १८३०च्या दशकात पदार्थविज्ञान आणि रसायन या विषयांवरची दोन संवादरूप पुस्तके मराठीत आणली. दोन्हींचे मूळ जेन मार्सेट या इंग्रज लेखिकेच्या ग्रंथांत आहे. मार्सेटबाईंचा रसायनावरचा ग्रंथ १८०६मध्ये लेखिकेच्या नावाशिवाय प्रसिद्ध झाला होता. एक शिक्षिका आणि तिच्या दोन विद्यार्थिनी, एक शांत आणि एक खट्याळ, प्रश्नोत्तरांतून एकेक प्रयोग समजून घेतात, अशी त्याची मांडणी. लंडनमध्ये पुस्तकबांधणीच्या दुकानात उमेदवारी करणाऱ्या मायकेल फॅरेडेच्या हाती हे पुस्तक आले. शाळेचा फारसा संस्कार न झालेल्या त्या मुलाला रसायनाची पहिली समज त्यातून मिळाली, आणि पुढे जगभर कीर्ती झाल्यावरही त्याने मार्सेटबाईंचे ऋण मोकळेपणाने मानले. विजेच्या जनित्राचे मूळ तत्त्व ज्याने शोधले, त्याला घडवणारे पुस्तक फॅरेडेच्या हयातीतच मराठीत आले होते, ही गोष्ट मराठी वाचकाने अभिमानाने लक्षात ठेवावी अशी आहे. संवादाची रीतही मराठी वाचकाला परकी नव्हती. पुराणे, पोथ्या गुरुशिष्यांच्या बोलण्यातूनच ऐकलेल्या. फरक इतकाच की इथे शिष्य शंका काढतो तेव्हा गुरू वचन न सांगता प्रयोग करून दाखवतो.

याच वर्षांत बाळशास्त्री जांभेकर यांचे काम सुरू होते. ६ जानेवारी १८३२ रोजी निघालेल्या 'दर्पण'मुळे ते पत्रकार म्हणून सर्वांना ठाऊक आहेत; विज्ञानलेखक म्हणून त्यांची आठवण कमी काढली जाते. एल्फिन्स्टन संस्थेत ते गणित शिकवत, काही काळ कुलाब्याच्या वेधशाळेचा कारभारही त्यांच्याकडे होता. कलनशास्त्रावर त्यांनी 'शून्यलब्धि' या नावाने मराठीत लिहिले. १८४०मध्ये त्यांनी 'दिग्दर्शन' हे मासिक काढले. मराठीतले हे पहिले मासिक, आणि त्याचा मोठा भाग भूगोल, सृष्टिविज्ञान, इतिहास अशा विषयांना दिलेला होता. मराठी मासिकांचा आरंभच विज्ञानाने झाला; कथा-कादंबऱ्यांची मासिके बऱ्याच नंतरची. बाळशास्त्री १८४६ साली, ऐन तारुण्यात वारले. त्यांच्या पठडीतले भाऊ महाजन, म्हणजे गोविंद विठ्ठल कुंटे, मूळचे पेणचे. 'प्रभाकर' साप्ताहिक त्यांचे. १८५०च्या दशकात त्यांनी 'धूमकेतू' हे पत्र आणि 'ज्ञानदर्शन' हे त्रैमासिक काढले. पत्राला धूमकेतूचे नाव देण्याइतके आकाश तेव्हा लिहित्या माणसांच्या मनात होते.

१८४८मध्ये एल्फिन्स्टनच्या विद्यार्थ्यांनी सभा स्थापन केली. तिच्या मराठी आणि गुजराती शाखांत आठवड्याचे काम झाल्यावर निबंध वाचले जात, त्यांवर चर्चा होई. मराठी शाखेचे, म्हणजे ज्ञानप्रसारक सभेचे, अध्यक्ष होते दादोबा पांडुरंग. या शाखेचे 'मराठी ज्ञानप्रसारक' मासिक १८५०पासून १८६७पर्यंत चालले. वीज, वारा, भरती-ओहोटी, शरीरातले रक्ताभिसरण अशा विषयांवर चार माणसांत बसून बोलायचे आणि मग ते छापायचे, ही पद्धत मराठी विज्ञानलेखनाला फार उपकारक ठरली. ऐकणारा समोर असला की लिहिणाऱ्याला अवघड जागा आपोआप कळतात.

हे सारे मुंबईत चालले होते. मुंबईबाहेर विज्ञान पोचले ते आधी यंत्राच्या रूपाने. बोरघाटाचे रेल्वेचे काम १८५६च्या सुमारास सुरू झाले आणि २१ एप्रिल १८६३ रोजी घाट खुला झाला. कर्जतच्या बाजूने चढायला लागलेली गाडी पंचवीस बोगद्यांतून, सुमारे अठराशे फूट उंची गाठत खंडाळ्याला पोचे. सर्वांत कडक चढ सदतीस फुटांना एक फुटाचा. कामावर एका वेळी चाळीस हजारांहून अधिक मजूर होते; तापाने, पटकीने, सुरुंगांनी त्यांतले हजारो दगावले. उल्हास नदीच्या अल्याड-पल्याड वसलेल्या दहिवली, कर्जत, मुद्रे या गावांच्या शेतकऱ्यांनी डोळ्यांदेखत डोंगर फुटताना आणि वाफेचे इंजिन गाडी ओढताना पाहिले. पाणी तापवले की एवढे वजन डोंगरावर कसे चढते, हा प्रश्न इथे पुस्तकातला नव्हता. घाटाच्या पायथ्याशी गाडीला जादा इंजिन का जोडावे लागते, हे विचारायला शाळा लागत नाही. उत्तर द्यायला मात्र कुणीतरी लागतो. तो उत्तर देणारा मराठीत लिहू लागावा, अशी वेळ आता आली होती.

१८६७मध्ये 'विविधज्ञानविस्तार' सुरू झाले आणि थेट १९३७पर्यंत चालले. पण या काळातले सर्वांत मोठे वैज्ञानिक भांडण मासिकांत नव्हे, पंचांगात झाले. त्याच्या केंद्रस्थानी होते केरो लक्ष्मण छत्रे, लोकांचे केरूनाना. अलिबागजवळच्या नागावचा हा मुलगा १८४०च्या सुमारास कुलाब्याच्या वेधशाळेत नोकरीला लागला आणि पुढे पुण्यात गणिताचा नामांकित प्राध्यापक झाला. टिळक त्यांचे विद्यार्थी. वेधशाळेत रोज रात्री आकाश मोजणाऱ्याला एक गोष्ट टोचू लागते: पंचांगात लिहिलेली ग्रहाची जागा आणि दुर्बिणीत दिसणारी जागा जुळत नाही. 'ग्रहलाघव' सोपे होते, पण तीन-साडेतीन शतकांत त्यातल्या स्थिरांकांची बारीक चूक साठत गेली होती. ग्रहणाच्या वेळी ती सर्वांना दिसे. पंचांगात लिहिलेल्या घटकेला ग्रहण लागलेच नाही, तर कुणाचे खरे मानायचे, पोथीचे की आकाशाचे?

केरूनानांनी १८६०मध्ये 'ग्रहसाधनाची कोष्टके' प्रसिद्ध केली. युरोपातल्या अचूक कोष्टकांवरून ती बांधलेली होती, पण भारतीय गणनेच्या रीतीने वापरता यावीत अशी. त्यांच्या आधारे आबा पटवर्धनांच्या साहाय्याने १८६५पासून नवे पंचांग निघू लागले. ते पटवर्धनी पंचांग म्हणून ओळखले जाते. राशिचक्राचा आरंभ कुठून मोजायचा, या मुद्द्यावर वाद पेटला. आरंभबिंदू बदलला की अधिक महिना बदलतो, आणि अधिक महिना बदलला की सण बदलतात. मकर संक्रांत कोणत्या दिवशी, हा प्रश्न घराघरांत शिरला. एरवी अयनचलनासारखा विषय किती जणांच्या कानी पडला असता? पृथ्वीचा अक्ष भोवऱ्यासारखा डुलतो, त्यामुळे संपातबिंदू वर्षाला सुमारे पन्नास विकला मागे सरकतो आणि एक पूर्ण फेरा व्हायला जवळजवळ सव्वीस हजार वर्षे लागतात, ही गोष्ट मराठी वर्तमानपत्रांच्या वाचकांना सणांच्या निमित्ताने समजली. लोकांच्या जगण्याशी बांधलेला प्रश्न असला की अवघड गणितही ते आवडीने समजून घेतात, याचे इतके ठळक उदाहरण मराठीत दुसरे नाही.

या वादाने एक माणूस घडवला आणि त्याने मराठीला तिची पहिली थोर विज्ञानपुस्तके दिली. शंकर बाळकृष्ण दीक्षित १८५३ साली दापोलीजवळच्या मुरूडला जन्मले. पुण्याच्या ट्रेनिंग कॉलेजात त्यांनी शिक्षकाचे शिक्षण घेतले, मॅट्रिकची परीक्षा दिली, आणि तिथेच औपचारिक शिक्षण थांबले. मग रेवदंडा, ठाणे, बार्शी, धुळे आणि पुणे अशा बदल्यांच्या ठिकाणी मास्तरकी. दिवसा शाळा, रात्री आकाश, आणि उरलेल्या वेळात जुन्या ज्योतिषग्रंथांच्या पोथ्या. त्यांच्या 'ज्योतिर्विलास' या पुस्तकाचे दुसरे नावच 'रात्रीची दोन घटका मौज' असे आहे. १८९०च्या दशकाच्या आरंभी ते निघाले. वाचकाने जेवण उरकल्यावर अंगणात यावे, पुस्तकात सांगितलेल्या दिशेला पाहावे आणि नक्षत्र ओळखावे, हा त्याचा साधा घाट. दुर्बीण लागत नाही, इंग्रजी लागत नाही. लागतो तो फक्त ढग नसलेला आकाशाचा तुकडा, आणि कोकणात पावसाळ्याचे चार महिने सोडले तर तो सर्वांना फुकट मिळतो. ज्या रोहिणी-मृग-आर्द्रांवर शेतकऱ्याची पेरणीची गणिते चालतात, तीच नक्षत्रे डोक्यावर कुठे असतात हे त्याला ठाऊक असतेच असे नाही. दीक्षितांनी पंचांगातली नावे आणि आकाशातले तारे यांची गाठ घालून दिली.

यानंतर १८९६मध्ये 'भारतीय ज्योतिषाचा प्राचीन आणि अर्वाचीन इतिहास' प्रसिद्ध झाला. वेदकाळापासून आपल्या काळापर्यंतचे ज्योतिषी, त्यांचे ग्रंथ, त्यांच्या गणिताची पद्धत आणि त्यातल्या चुका, एवढे सगळे त्यांनी तपासले. गणेश दैवज्ञांच्या वेधांचे मोल त्यांनी मोकळ्या मनाने सांगितले आणि ग्रहलाघवी पंचांग का चुकते तेही तितक्याच स्पष्टपणे. रॉबर्ट स्यूएल यांच्याबरोबर त्यांनी भारतीय कालगणनेवर इंग्रजी ग्रंथ लिहिला, तोही त्याच वर्षीचा. दोन वर्षांनी, वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी दीक्षित गेले. पुढे भारतीय हवामानखात्याने त्यांच्या मराठी ग्रंथाचे इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध केले. मराठी शाळेतल्या एका मास्तराने मराठीत लिहिलेला ग्रंथ जगातल्या अभ्यासकांना वाचावा लागला, यापेक्षा मराठी विज्ञानलेखनाचा मोठा मान तोवर झाला नव्हता.

त्याच पिढीत कोल्हापूरला बाळाजी प्रभाकर मोडक राजाराम कॉलेजात विज्ञान शिकवत आणि रसायन, पदार्थविज्ञान, यंत्रे अशा विषयांवर मराठीत एकामागून एक पुस्तके लिहीत. दीक्षितांची गोडी त्यांच्या भाषेत नाही. पण कारागिराला, धंदेवाल्याला विज्ञान उपयोगी पडावे ही कळकळ त्यांच्यात पुरेपूर होती. बडोद्यात सयाजीराव गायकवाडांनी १८९०मध्ये कलाभवन काढले आणि १९१०पासून गावोगाव ग्रंथालयांचे जाळे विणले. पेट्यांत भरून पुस्तके खेड्यांत फिरवायची व्यवस्था तिथे होती. मुंबई इलाख्यातल्या मराठी खेड्यांना असे भाग्य लाभले नाही, ही त्या काळातली खरी उणीव. लेखक होते, छापखाने होते. पुस्तक तालुक्याच्या गावापलीकडे जात नव्हते.

विसाव्या शतकाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दशकात घाटाच्या पायथ्याशी पुन्हा एक नवे यंत्र आले. लोणावळ्याच्या बाजूला धरणे बांधून साठवलेले पाणी पाचशे मीटरांहून अधिक उंचीवरून नळांतून खोपोलीला सोडायचे आणि त्या जोरावर वीज करायची, असे टाटांचे वीजघर १९१५मध्ये चालू झाले. १९२२मध्ये कर्जत तालुक्यातल्या भिवपुरीला दुसरे वीजघर उभे राहिले. ही वीज मुंबईच्या गिरण्यांसाठी होती. तारा ज्या गावांवरून गेल्या त्यांतल्या बहुतेकांना स्वतःच्या घरात दिवा लागायला कित्येक दशके थांबावे लागले. १९३०पर्यंत घाटातली रेल्वेही विजेवर धावू लागली. सह्याद्रीच्या कड्यावर पडलेल्या पावसाचे मुंबईच्या मागात रूपांतर कसे होते, हा खालापूर-कर्जतच्या माणसाच्या दृष्टीने अगदी घरचा विषय होता, आणि फॅरेडेचे नाव त्याला यानिमित्ताने दुसऱ्यांदा भेटायला हवे होते.

या वर्षांत मराठीत दोन मोठी कामे झाली. पहिले श्रीधर व्यंकटेश केतकरांचा 'महाराष्ट्रीय ज्ञानकोश'. १९२०च्या दशकात त्याचे तेवीस खंड निघाले आणि प्रस्तावनाखंडांपैकी एक संपूर्ण खंड 'विज्ञानेतिहास' या विषयाला दिला गेला. दुसरे 'सृष्टिज्ञान' मासिक. ते जानेवारी १९२८मध्ये पुण्यात सुरू झाले. गोपाळ रामचंद्र परांजपे हे मुंबईच्या रॉयल इन्स्टिट्यूट ऑफ सायन्समधले पदार्थविज्ञानाचे प्राध्यापक त्याचे संपादक होते. केवळ विज्ञानाला वाहिलेले मासिक इतकी दशके चालणे ही भारतीय भाषांत दुर्मीळ गोष्ट. नागपूरच्या 'उद्यम' मासिकाने घरगुती धंद्यांच्या वाटेने हेच काम केले. साबण कसा होतो हे सांगताना रसायन आपोआप सांगितले जाते.

१९६०मध्ये महाराष्ट्र राज्य झाले आणि विज्ञान मराठीत आणणे हे सरकारी धोरण ठरले. साहित्य संस्कृती मंडळ, भाषा संचालनालयाचे परिभाषाकोश, विद्यापीठीय ग्रंथनिर्मिती, तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींच्या संपादनाखाली वाईला सुरू झालेला मराठी विश्वकोश (पहिला खंड १९७६) ही कामे प्रचंड आहेत. विश्वकोशातल्या विज्ञानाच्या नोंदींना आजही तोड नाही. तरी त्या काळात सरकारी साच्यातून निघालेली पुष्कळ पुस्तके गोदामात पडून राहिली, कारण ती लिहिताना समोर वाचक नव्हता, समिती होती. परिभाषेच्या निर्दोषपणाची जेवढी काळजी घेतली गेली तेवढी वाक्याच्या ओघाची घेतली गेली नाही. १९६७च्या सार्वजनिक ग्रंथालय कायद्याने मात्र शासनमान्य वाचनालयांना अनुदानाची वाट मोकळी केली. बडोद्याला अर्धशतकापूर्वी जे जमले होते, त्याची निदान सुरुवात महाराष्ट्राच्या तालुक्यांत झाली.

२४ एप्रिल १९६६ रोजी मुंबईत मराठी विज्ञान परिषद स्थापन झाली. तिच्यामागे म. ना. गोगटे यांचा ध्यास होता. परिषदेने ज्ञानप्रसारक सभेची जुनी रीत नव्याने उचलली: व्याख्याने, गावोगाव वार्षिक अधिवेशने, पत्रिका, स्पर्धा. १९७४च्या विज्ञानकथा स्पर्धेत 'कृष्णविवर' ही कथा पहिली आली. लेखकाचे नाव नारायण विनायक जगताप. हे नाव घेतले होते जयंत विष्णु नारळीकर यांनी, स्वतःची आद्याक्षरे उलटी करून. केंब्रिजमध्ये फ्रेड हॉइल यांच्याबरोबर गुरुत्वाकर्षणाचा सिद्धान्त मांडून ते १९७२मध्ये मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आले होते. परीक्षकांनी नाव पाहून नव्हे, कथा वाचून निर्णय द्यावा म्हणून त्यांनी हस्ताक्षरही दुसऱ्याचे वापरले. १९७९मध्ये 'यक्षांची देणगी' हा त्यांचा कथासंग्रह आला.

त्यांच्या येण्याने मराठी विज्ञानपुस्तकाची पत बदलली. बाळ फोंडके, निरंजन घाटे, लक्ष्मण लोंढे, सुबोध जावडेकर यांच्या लेखनाला वाचक मिळाला, दिवाळी अंकांत विज्ञानाला हक्काची जागा मिळाली. नारळीकरांचे 'आकाशाशी जडले नाते' हे १९९८चे पुस्तक दीक्षितांच्या 'ज्योतिर्विलास'च्या वंशातले आहे. खगोलशास्त्र शंभर वर्षांत पार बदलले होते. वाचकाला बरोबर घेऊन चालण्याची रीत तीच राहिली. स्वाक्षरी मागणाऱ्या मुलांना ते सांगत, पोस्टकार्डावर विज्ञानाचा एखादा प्रश्न लिहून पाठवा, उत्तराखाली स्वाक्षरी मिळेल. आत्मचरित्र 'चार नगरांतले माझे विश्व' याला २०१४चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. २०२१मध्ये नाशिकच्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद त्यांच्याकडे आले. 'दिग्दर्शन'पासून मराठी साहित्याच्या दारात उभ्या असलेल्या विज्ञानलेखनाला हा मान मिळायला १८१ वर्षे लागली. प्रकृतीमुळे नारळीकर प्रत्यक्ष संमेलनाला जाऊ शकले नाहीत. २० मे २०२५ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले.